माहितीपट, छोटे सिनेमे आणि संगीतकाराचं पोट: बडोद्यात राहून जमतं का?

निषाद_दांडियाबाजार:
नमस्कार मंडळी. सुरसागरासमोरच्या म्युझिक कॉलेजात सतार शिकलो. मग घरीच कॉम्प्युटरवर संगीत करायला लागलो. फाइन आर्ट्सच्या मित्रांच्या लघुपटांना संगीत दिलं. कधी पैसे मिळाले, कधी सेव-उसळीवर भागलं. खरी कमाई नवरात्रात होते. गरब्याच्या ऑर्केस्ट्रात कीबोर्ड वाजवतो, त्यावर पुढचे काही महिने निघतात.

आता पहिल्यांदाच मोठं काम आलंय. इथली विश्वामित्री नदी आणि तिच्यातल्या मगरी यांच्यावरचा सत्तर मिनिटांचा माहितीपट. दिग्दर्शिका इथलीच, ऑगस्ट २०२४ च्या पुरापासून चित्रीकरण करतेय. माणसं जीव ओतून काम करणारी आहेत. पण करारपत्र दीड पानी आणि त्यात एक वाक्य असं: 'संगीताचे सर्व हक्क, सर्व माध्यमांसाठी, कायमस्वरूपी निर्मात्याकडे, मानधन एकरकमी.'

तर प्रश्न: या कामावर माणूस आयुष्य काढू शकतो का? मुंबईला जायलाच हवं का? आणि त्या वाक्याखाली सही करू का? घरी आईबाबांना उत्तर द्यायचंय, तेव्हा गुळमुळीत नको, स्पष्ट सांगा.

रावपुऱ्याचा_बंड्या:
सेव-उसळ मानधनात मिळाली म्हणजे बडोद्याने तुला कलाकार मानलं. पुढच्या वेळी तर्री जास्त घालून माग. :) बाकी जाणकार येतीलच, मी वाचतोय.

आप्पा_घडियाळीपोळ:
निषाद, आमच्या तरुणपणी टॉकीजमध्ये मुख्य चित्रपटाआधी फिल्म्स डिव्हिजनचा माहितीपट दाखवायचेच. लोक तोवर बाहेर चहा पीत, मी मात्र आत बसायचो, कारण त्यातलं संगीत मला फार आवडायचं. विजय राघव राव हे नाव तिथेच पहिल्यांदा वाचलं. बासरीवादक, रविशंकरांचे शिष्य. धरणं, शेती, कुटुंबनियोजन अशा रुक्ष विषयांवरही हा माणूस जीव लावून काम करायचा. 'भुवन शोम'चं (१९६९) संगीतही त्यांचंच.

दुसरे वनराज भाटिया. लंडनची रॉयल अकॅडमी, पॅरिसला नादिया बुलांजे यांच्याकडे शिक्षण. आणि परत आल्यावर काय केलं? जाहिरातींच्या जिंगल्स. दिल्ली विद्यापीठात शिकवलंही. 'अंकुर' आला १९७४ मध्ये, तेव्हा ते पंचेचाळिशी ओलांडून गेले होते. 'मंथन' (१९७६) तर आपल्या शेजारचा. गुजरातेतल्या पाच लाख दूध उत्पादकांनी दोन-दोन रुपये काढून उभा केलेला सिनेमा, त्याचंही संगीत भाटियांचं.

हे एवढ्यासाठी सांगितलं की थोरामोठ्यांनीसुद्धा फक्त अशा सिनेमांवर घर चालवलं नाही. सयाजीरावांच्या काळी मौलाबक्षांची गायनशाळा (१८८६) राज्याच्या पैशावर चालायची, फैयाज खाँसाहेबांना दरबाराचा आश्रय होता. आज तो दरबार नाही. चार ठिकाणचे पैसे गोळा करावे लागतील, आणि त्यात कमीपणा काही नाही.

रेवती_अलकापुरी:
मी हेच काम करते, बरीच वर्षं, घरातूनच. म्हणून जरा सविस्तर लिहिते.

पहिल्या प्रश्नाचं उत्तर: हो, आयुष्य काढता येतं. निव्वळ माहितीपटांवर नाही. माझ्याकडे माहितीपट येतात, संस्थांच्या फिल्म येतात, नाटकं येतात, संग्रहालयांतल्या दालनांसाठी ध्वनी करते, आठवड्यातून काही शिकवण्या आहेत. यातली दोन-तीन कामं कायम सुरू असतील तर मधले कोरडे महिने निघतात. एवढ्या भानगडी कशाला, असं वाटेल. पण संग्रहालयाच्या कामात शिकलेली गोष्ट माहितीपटात उपयोगी पडते, असं मी पुन्हा पुन्हा पाहिलंय.

काम कुठून येतं? दिग्दर्शकांकडून. तू ज्यांच्या लघुपटांना सेव-उसळीवर संगीत दिलंस, त्यांच्यातलेच दोघे-तिघे उद्या मोठे सिनेमे करतील. अशा सिनेमात निर्माता, वितरक सगळे बदलतात, दिग्दर्शक आणि त्याचा संगीतकार मात्र वर्षानुवर्षं एकत्र राहतात. तेव्हा ही माणसं जप.

आता कामाच्या गोष्टी, कारण सत्तर मिनिटं तू पहिल्यांदाच करतोयस. संकलन लॉक (म्हणजे कट पक्के) झाल्याशिवाय अंतिम संगीत बांधू नकोस. तोवर नुसते सूर, पोत, वाद्यं शोध, ते वाया जात नाहीत. पहिल्याच दिवशी विचार: फ्रेम रेट, म्हणजे सेकंदाला चित्रं किती, चोवीस की पंचवीस? तुझ्याकडे पंचवीसची फाइल आली आणि सिनेमा खरा चोवीसचा निघाला, तर तासाभराच्या लांबीत दोन मिनिटं चोवीस सेकंदांचा फरक पडतो. शेवटच्या आठवड्यात हे कळलं तर रडू येतं.

संकलकाने टेम्प (तात्पुरतं संगीत) म्हणून दुसऱ्या कुठल्या सिनेमाचं संगीत लावलं असेल, तर ते एकदाच ऐक आणि बिनसंगीताची प्रत मागून घे. टेम्प कानात बसला की दिग्दर्शकाला तुझं काहीच आवडत नाही, आणि त्यात दोष कोणाचाच नसतो.

सगळ्यात मोठी गोष्ट बोलण्याची. माहितीपटात माणसं बोलत असतात, आणि शब्द स्पष्ट करणारी व्यंजनं साधारण दोन ते चार हजार हर्ट्झच्या पट्ट्यात असतात. तुझ्या सतारीची झणझण नेमकी तिथेच येते. मुलाखतीखाली सतार वाजली तर मिक्स करणारा ती इतकी खाली नेईल की वाजवली काय, नाही काय, सारखंच. खर्जातली तार, मंद्रातला तंबोरा, लांब सूर हे बोलण्याखाली ठेव. सतार उघडी कर ती नदी एकटी दिसेल तेव्हा.

विश्वामित्री_काठ:
मगरी पकडून सुरक्षित सोडणाऱ्या स्वयंसेवकांपैकी मी एक. संगीतातलं मला कळत नाही, पण एक कळकळीची विनंती आहे. कृपया त्या 'ढँ ढँ ढँ' छापाच्या भीतीदायक संगीताला हातही लावू नका. पुराच्या दिवसांत रस्त्यांवर, सोसायट्यांत मगरी आल्या तेव्हा टीव्हीवर प्रत्येक क्लिपला तेच होतं. परिणाम आम्ही भोगला. लोक दगड घेऊन धावायचे. इतकी वर्षं शहराच्या मधोमध मगर आणि माणूस शेजारी राहताहेत, ही खरी गोष्ट कुणी सांगतच नाही.

शिवाय मगरीचा स्वतःचा आवाज आहे. पिल्लं अंड्यातूनच चिवचिवतात. ते ऐकून आई घरटं उकरते आणि त्यांना तोंडात धरून पाण्यात नेते. तो आवाज सिनेमात असेल तर लोकांना वेगळंच काही कळेल.

संकलक_मिलिंद:
वरच्या प्रतिसादाला शंभर वेळा अनुमोदन. आणि मी आणखी पुढे जातो: माहितीपटात संगीत असूच नये.

मी संकलन करतो. माझा अनुभव असा की प्रसंग कच्चा राहिला की दिग्दर्शक म्हणतो, 'इथे म्युझिक टाकू.' बाई पुरात वाहून गेलेल्या घराबद्दल बोलतेय, तिचा आवाज थरथरतोय आणि खाली सारंगी सुरू. म्हणजे प्रेक्षकाला सांगितलं, आता रडा. त्या बाईच्या दुःखावर आपला भरवसा नाही म्हणून आपण सारंगी लावतो. मला हा तिचा अपमान वाटतो. निषाद, तुला नाउमेद करायचं नाही, पण हा प्रश्न तुझ्या मानधनाच्या आधी येतो.

रेवती_अलकापुरी:
मिलिंदजी, सारंगीबद्दल पूर्ण सहमत. रडणाऱ्या माणसाखाली मी कधीच संगीत ठेवत नाही. पण 'असूच नये' हे पटत नाही. कॅमेरा कुठे ठेवायचा, काय कापायचं, हेही प्रेक्षकाला दिशा देणंच आहे, आणि ते तुम्ही दिवसभर करता. तुमचा कट खरा आणि माझा सूर खोटा, असं कसं?

माहितीपटात संगीताची एक जागा अशी आहे जिथे दुसरं काही चालत नाही: काळ. नदीचं दहा वर्षांपूर्वीचं रूप आणि आजचं, यांच्यात तुम्ही एक कट देता. त्या दोन चित्रांतलं अंतर सूर भरतो. भास्कर चंदावरकर पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकवायचे. 'सामना'मध्ये त्यांनी संगीत किती हात राखून वापरलंय ते एकदा फक्त कानांनी पाहा. जिथे नाही तिथेही ते विचार करूनच नाही.

संकलक_मिलिंद:
काळाचा मुद्दा मान्य, त्यावर विचार करतो. पण मग संगीतकाराला पहिल्या कटपासून बोलवा. शेवटच्या पंधरवड्यात हाक मारली की तो बिचारा भोकं बुजवण्याशिवाय काय करणार? निषाद, करारात हेही लिहून घे.

रावपुऱ्याचा_बंड्या:
दोघांचं भांडण इतकं गोड चाललंय की खाली तंबोरा लावावासा वाटतोय. मंद्रातला, रेवतीताई म्हणतात तसा.

अ‍ॅड_सुमेधा:
करारावर येते. वकिली करते, कलाकारांचे कागद नेहमी पाहते. खाली लिहिलंय ते सर्वसाधारण आहे, सहीआधी कागद कुणाला तरी प्रत्यक्ष दाखवच.

१९७७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने इंडियन परफॉर्मिंग राइट सोसायटीच्या खटल्यात निकाल दिला की चित्रपटासाठी करून घेतलेल्या संगीताचा पहिला मालक निर्माता, वेगळा करार नसेल तर. पुढची पस्तीस वर्षं संगीतकार आणि गीतकार याच निकालाखाली भरडले गेले. २०१२ मध्ये कॉपीराइट कायदा बदलला. आता तू हक्क निर्मात्याला दिलेस तरी सिनेमागृहातलं प्रदर्शन सोडून बाकी सगळ्या वापरांतल्या रॉयल्टीत तुझा समान वाटा आहे, आणि तो वाटा तुला सोडून देता येत नाही. फक्त वारसांना किंवा कॉपीराइट सोसायटीला देता येतो. म्हणजे टीव्ही, ओटीटी, इंटरनेट, विमानातली स्क्रीन, सगळीकडे तू आहेस. करारात उलटं लिहिलं तरी ते टिकत नाही. पार्श्वसंगीतसुद्धा संगीतकृतीच आहे, गाणं असलं पाहिजे असं काही नाही.

दुसरं: करारात मुदत लिहिलीच नसेल तर कायदा ती पाच वर्षं धरतो, आणि प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारत. तुझ्या करारात 'कायमस्वरूपी' लिहिलंय, त्यामुळे मुदतीची सोय तुला मिळणार नाही. ते बदलून माग. छोट्या निर्मात्याला खरी गरज असते ती 'या सिनेमासोबत, जगभर, सर्व माध्यमांत' वापरण्याच्या परवानगीची. ती दे, खुशीने दे, सिनेमा अडकता कामा नये. पण तुझी रचना सिनेमाबाहेर वेगळी वापरायची, अल्बम काढायचा, दुसऱ्या कामात घ्यायची, तर तो हक्क तुझ्याकडे ठेव.

तिसरं: मानधनाचे हप्ते. सही करताना एक भाग, पहिल्या मसुद्याला एक, उरलेला अंतिम फाइल्स देताना. 'महोत्सवात निवड झाल्यावर देऊ' या वाक्यावर कुणी जेवू शकत नाही.

निषाद_दांडियाबाजार:
सुमेधाताई, मनापासून आभार. हे कॉलेजात कुणीच शिकवलं नाही. एक विचारतो: एवढं सगळं मागितलं तर दिग्दर्शिकेला वाटणार नाही का की हा पैशाचा माणूस?

स्नेहल_मकरपुरा:
निषाद, इथे मी बोलते. माझे यजमान तबलजी आणि घराचा हिशेब माझ्याकडे. मैत्रीखातर कागद न केलेल्या कामांत मैत्रीच आधी गेली, हे मी माझ्या घरात पाहिलंय. कागद असला की दोघांनाही निवांत झोप लागते. आणि पैशाचा माणूस म्हणजे काय? घरभाडं, लाइटबिल, मुलीची फी, ही काय कलेच्या विरोधातली मंडळी आहेत? तुमच्या आईबाबांना सांगा, मुलगा करार वाचतो. आम्ही मोठी माणसं त्यानेच निर्धास्त होतो.

आणखी एक. नवरात्राची कमाई वेगळ्या खात्यात ठेवा. माहितीपटाचे पैसे उशिरा येतात, आणि येतात ते दहा टक्के टीडीएस कापून. वेळेवर रिटर्न भरा, पात्र असाल तर ते परत मिळतात.

शिंदे_की_छावणी:
ग्वाल्हेरहून वाचतोय. इथे तर तानसेनाचं नाव घेतलं की सगळे हात जोडतात, पण कुणी छोटा सिनेमा करायला घेतला की संगीतासाठी दिल्लीला फोन लावतात. बडोद्यात निदान दिग्दर्शिका गावातल्या मुलाला विचारते, हे वाचून फार बरं वाटलं. वाचनखूण साठवली.

तेजगढ_मार्गे:
विषयाला थोडा फाटा देतो, पण महत्त्वाचा आहे. छोटा उदेपूर भागात बरंच फिरणं होतं. गेल्या काही वर्षांत बाहेरची मंडळी राठवा लोकांच्या पिठोऱ्यावर फिल्म करायला येतात. पिठोरा हे विधीचं चित्र आहे, घरात देव मांडणं आहे. ढोल वाजतात, रात्रभर कार्यक्रम चालतो. हे लोक मोबाइलवर, रेकॉर्डरवर ढोल टिपून नेतात, आणि मग तोच ढोल भलत्याच फिल्मच्या भलत्याच प्रसंगाखाली ऐकू येतो. वाजवणाऱ्याचं नाव कुठेच नाही. 'पारंपरिक' एवढंच लिहिलेलं असतं.

परंपरेला नाव नसेल, पण त्या रात्री ढोल वाजवणाऱ्या माणसाला आहे. निषाद, तू मगरींच्या फिल्ममध्ये गावातले आवाज घेणार असशील, तर आधी विचार, पैसे दे, नाव लाव आणि फिल्म तयार झाली की तिथे नेऊन दाखव.

अ‍ॅड_सुमेधा:
याला कायद्याचीही जोड आहे. वादकाच्या, गायकाच्या सादरीकरणावर त्याचा स्वतःचा हक्क असतो, पन्नास वर्षं. धून परंपरेने आलेली असली तरी ते वाजवणं त्याचं आहे. लेखी संमती त्यांच्या भाषेत घ्यावी, आणि रेकॉर्डिंग कुठे वापरणार ते वाचून दाखवावं.

निषाद_दांडियाबाजार:
तेजगढ_मार्गे, तुमचा प्रतिसाद दिग्दर्शिकेला जसाच्या तसा पाठवला.

मला स्वतःला माण वापरायची आहे. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी: माण म्हणजे धातूची मोठी घागर, माणभट्ट बोटांत अंगठ्या घालून ती वाजवतात आणि आख्यान गातात. प्रेमानंदांची आख्यानं याच शहरातली. नदीकाठची गोष्ट सांगायला याहून जवळचं वाद्य मला सुचत नाही. एका माणभट्टकाकांकडे जाऊन आलो, त्यांनी होकार दिलाय. अडचण रेकॉर्डिंगची आहे. अंगठ्यांची टणटण इतकी टोकदार येते की घागरीच्या आतली घुमणारी खोल गुंज त्यात हरवते. मला ती गुंजच हवी आहे.

रेवती_अलकापुरी:
वा, काय सुचलंय! दोन माइक लाव. एक हाताच्या बाजूने, जरा लांब. दुसरा घागरीच्या तोंडाशी तिरका, थेट आत नको, नाहीतर नुसतं भॉंऽ येईल. दोन्ही ट्रॅक वेगळे ठेव, मग मुलाखतीखाली फक्त गुंज आणि मोकळ्या जागी अंगठ्या, असं करता येईल. घागरीखालची चुंबळ बदलून पाहा, कापडाची आणि गवताची यांत आवाजाचा फरक पडतो. आणि काकांना नुसता ठेका मागू नकोस, आख्यान गाऊ दे. गाताना हात जसा पडतो तसा नुसत्या ठेक्यात पडत नाही. रेकॉर्डिंग पहाटे कर, दांडियाबाजारात दिवसा रिक्षाच जास्त ऐकू येतील.

सराफा_रात्री_दोन:
इंदूरहून भिया, एक विरोधी मत. बडोदा-इंदूर ठीक आहे, पण पोरगा मुंबईला गेलाच पाहिजे, निदान दोन वर्षं. ओळखी घरी बसून होत नाहीत. माझा धाकटा भाऊ साउंडमध्ये आहे. तिकडे गेला तेव्हाच त्याला कळलं की मिक्सिंग थिएटरमध्ये आपलं संगीत कसं वाजतं. घरच्या हेडफोनवर सगळंच भारी वाटतं.

रेवती_अलकापुरी:
मिक्सिंगचं खरं आहे. अंतिम मिक्सला जाऊन बसावंच, पदरचं तिकीट काढून का होईना. पण दोन वर्षं तिथलं भाडं भरायला जी कामं घ्यावी लागतात त्यांत असले सिनेमे करायला वेळ उरत नाही, असंही पाहिलंय. ओळखींसाठी मुंबईचा मिफ महोत्सव आहे. खास माहितीपट, लघुपट आणि अ‍ॅनिमेशनचा, १९९० पासून चाललेला. तिथे जाऊन सिनेमे पाहा, लोकांशी बोल. मुंबईत राहणं आणि मुंबईला जात राहणं यांत मी दुसरं निवडलं, आणि अजूनही तेच निवडेन.

आप्पा_घडियाळीपोळ:
इंदूरकरांचंही खोटं नाही. पण एक लक्षात घ्या. हा सिनेमा विश्वामित्रीचा आहे. माण कुणाला आठवली? इथे वाढलेल्या मुलाला. मुंबईचा संगीतकार कितीही मोठा असो, त्याला ती कुठून आठवणार?

निषाद_दांडियाबाजार:
मंडळी, खबर द्यायला धागा वर काढतोय.

दिग्दर्शिकेशी बसून बोललो. स्नेहलताईंचं वाक्य खरं निघालं: करार सुधारायचा म्हटल्यावर ती उलट खूश झाली. तिलाही तो दीड पानी नमुना कुणीतरी दिलेला होता. आता लिहिलंय ते असं: या सिनेमासोबत जगभर वापराची परवानगी, रचना माझी, रॉयल्टीचा वाटा कायद्याप्रमाणे, मानधन तीन हप्त्यांत, आणि माणभट्टकाकांचं मानधन निर्मितीखर्चातून, माझ्या रकमेतून नाही. श्रेयनामावलीत त्यांचं नाव माझ्याइतक्याच आकारात. संकलनाच्या पुढच्या बैठकीपासून मीही असेन, हेही लिहून घेतलंय. मिलिंदजी, ते तुमच्यामुळे.

पुराच्या मुलाखतींखाली संगीत नाही, हे आम्ही दोघांनी ठरवलं. पिल्लांच्या आवाजाचं रेकॉर्डिंग मिळतंय का ते पाहतोय. विश्वामित्री_काठ, तुम्हाला व्यनि (व्यक्तिगत निरोप) केलाय.

आईबाबांना सांगितलं की गरबा सोडत नाही, शिकवण्या सुरू करतोय आणि हे काम पोटापाण्याचंच आहे, छंद नाही. बाबांनी करार मागून घेऊन पूर्ण वाचला आणि 'समान वाटा म्हणजे नेमका कसा' यावर तासभर प्रश्न विचारले.

विश्वामित्री_काठ:
व्यनि मिळाला. पिल्लं बाहेर येतात ती पावसाळ्याच्या तोंडावर. आमच्यासोबत यायचं तर वनखात्याची परवानगी काढावी लागेल, अर्ज आत्ताच करा. घरट्याजवळ गर्दी चालणार नाही. तुम्ही आणि एक रेकॉर्डर, बस.

अ‍ॅड_सुमेधा:
निषाद, छान झालं. आता एक काम उरलं, ते विसरू नकोस. क्यू शीट बनव: प्रत्येक तुकड्याचं नाव, सिनेमात कुठून कुठपर्यंत, किती सेकंद, रचनाकार कोण, वादक कोण. चॅनेलकडून किंवा ओटीटीकडून रॉयल्टीचा हिशेब याच कागदावरून होतो, आणि सिनेमा संपल्यावर तो बनवायला कुणालाच वेळ नसतो. आयपीआरएसचं (वर म्हटलेली इंडियन परफॉर्मिंग राइट सोसायटी) सभासदत्व घे आणि रचना तिथे नोंदव. दिग्दर्शिकेकडे क्यू शीटची सही केलेली प्रत असू दे.

रावपुऱ्याचा_बंड्या:
बडोद्यातला खेळ कधी ते इथेच कळव रे. सेव-उसळ माझ्याकडून, माणभट्टकाकांना पहिली प्लेट.